बाळंतपणाचा खाडा

छत्रपती संभाजीनगरात मोर्चा कुठून निघणार, हे फारसं कुणी विचारत नाही. तो बहुतेक वेळा क्रांती चौकातून निघतो आणि विभागीय आयुक्तांच्या कचेरीकडे जातो. या चौकाची आठवण जुनी आहे. जून १८५७ मध्ये हैदराबाद कॉन्टिंजंट या फौजेच्या इथल्या घोडदळाने इंग्रज अधिकाऱ्यांचा हुकूम मोडला. जनरल वुडबर्नची फौज पुण्याकडून चाल करून आली, उठाव मोडला गेला आणि पकडलेल्या शिपायांना देहदंड झाला. चौकातला काळा चबुतरा ही त्या शिपायांची आठवण. ९ ऑगस्ट २०१६ रोजी पहिला मराठा क्रांती मोर्चा निघाला तोही इथूनच. मराठवाड्याच्या आठही जिल्ह्यांचा महसुली कारभार या शहरातून हलतो. त्यामुळे गाव हिंगोलीचं असो की धाराशिवचं, गाऱ्हाणं तालुक्यात सुटलं नाही की माणसं इथे येऊन बसतात.

या बसणाऱ्यांत आता बायकांचा भरणा मोठा असतो. अंगणवाडी सेविका, मदतनीस, आशा, शाळेत खिचडी शिजवणाऱ्या, घरकाम करणाऱ्या. यांतल्या बऱ्याच जणींचं काम एकाच जातीचं आहे: लेकरांना खाऊ घालणं, त्यांचं वजन करणं, गरोदर बाईला तपासणीला नेणं, बाळंतिणीच्या घरी जाऊन चौकशी करणं. हेच काम घरात केलं तर त्याला आईपण म्हणतात. गावासाठी, सरकारी रजिस्टर हाती घेऊन केलं, तर त्याला काय म्हणायचं, यावर भांडण आहे. सेविकांची घोषणा सगळ्यांच्या कानावरून गेलेली आहे: मानधन नको, वेतन द्या.

कामगार चळवळीच्या इतिहासात संप असतात, युनियन असतात, मजुरीचे दर असतात. स्त्रियांच्या इतिहासात केशवपन, पुनर्विवाह, शाळा असतात. पोटात बाळ घेऊन कामावर जाणारी बाई या दोन्ही इतिहासांच्या मधल्या फटीत पडली. गेल्या चाळीसेक वर्षांत काही अभ्यासकांनी, त्यांतही बहुतेक स्त्रियांनी, ही फट बुजवायला घेतली. त्यांची पुस्तकं शेजारी शेजारी ठेवून वाचली की शंभर वर्षं चाललेला एक हिशेब दिसू लागतो. बाळंतपणाच्या दिवसांत बाई कामावर येणार नाही. तो खाडा कुणाच्या नावावर मांडायचा? मालकाच्या, सरकारच्या की तिच्याच?

गिरणीतली बाई

हिशेबाची पहिली ठळक नोंद मुंबईच्या गिरणगावात सापडते. १९२० च्या दशकात मुंबईच्या कापड गिरण्यांतल्या कामगारांत साधारण पाचवा हिस्सा बायकांचा होता. कोकणातून, साताऱ्याकडून, पुणे-नगरच्या कोरडवाहू गावांतून त्या आलेल्या. काहींचे नवरे त्याच गिरणीत, काही विधवा, काही टाकलेल्या. साचे पुरुषांकडे. बायका मुख्यतः वाइंडिंग आणि रिलिंग खात्यात, म्हणजे सूत गुंडाळण्याच्या कामावर. मजुरी उक्ती, जितकं सूत तितके पैसे. त्यांच्यावर नजर ठेवायला नाईकीण. कामावर घेणं, काढणं तिच्या हातात असायचं, आणि बाळंतपणासाठी थांबलेल्या बाईला परत आत यायचं तर बहुधा नाईकिणीचा हात ओला करावा लागे.

मूल झाल्यावर पोटाची गरज थांबत नव्हती. चाळीच्या खोलीत तान्ह्या बाळाला दिवसभर कोण सांभाळणार? त्यावरचा उपाय म्हणजे बाळगोळी. अफूचा अंश असलेली बारीकशी गोळी सकाळी बाळाच्या तोंडात घातली की ते कित्येक तास झोपून राही. रडत नसे, आणि भूक लागली तरी कुणाला कळत नसे. मुंबई सरकारने गिरणीतल्या बायकांच्या बाळंतपणाची पाहणी करायला डॉ. बार्न्स या स्त्री डॉक्टरची नेमणूक केली. त्यांच्या १९२२ च्या अहवालात ही बाब आली आणि ती अपवादाने नव्हे, जवळजवळ सार्वत्रिक म्हणून आली. शहरातल्या पांढरपेशांनी त्यातून अडाणी आईचा दोष काढला. पाळणाघर नाही, दूध पाजायला सुट्टी नाही, बाळंतपणाची भरपगारी रजा नाही, मग आईकडे दुसरा कोणता मार्ग उरला होता, हा प्रश्न मागे राहिला.

जगात या प्रश्नाला वाचा फुटली होती. १९१९ मध्ये आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेची पहिली परिषद वॉशिंग्टनला भरली आणि तिथेच बाळंतपणाच्या संरक्षणाचा करार झाला: बारा आठवड्यांची रजा, त्या काळात पैसे आणि कामाच्या वेळेत बाळाला पाजायला सुट्टी. ना. म. जोशी यांनी १९२४ मध्ये मध्यवर्ती कायदेमंडळात तसं विधेयक आणलं. ते नामंजूर झालं. परळला नवरोसजी वाडिया प्रसूतीगृह उभं राहिलं ते १९२६ मध्ये. बाळंतपणाला खाट मिळाली, पण बाळंतपणाच्या दिवसांची मजुरी मिळण्याची सोय अजून झाली नव्हती.

जुलै १९२८

१९२८ च्या एप्रिल अखेरीपासून ऑक्टोबरच्या सुरुवातीपर्यंत मुंबईच्या गिरण्या संपाने बंद होत्या. गिरणी कामगार युनियन जन्माला आली ती याच संपात, मे महिन्यात. बायका मोर्च्यात होत्या, गिरणीच्या दारावर पहाऱ्याला होत्या. आणि नेमक्या या धामधुमीत, मुंबई कायदेमंडळात रा. स. आसवले यांनी मांडलेल्या प्रसूती लाभाच्या विधेयकावर चर्चा चालू होती. २८ जुलैला त्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकर बोलले.

त्यांची मांडणी दोन पायऱ्यांची होती. बाळंतपणाच्या आधी आणि नंतर आईला विसावा मिळणं हे देशाच्याच हिताचं आहे, तेव्हा हा भार मुख्यतः सरकारने उचलायला हवा, ही पहिली पायरी. सरकार तो उचलत नाही तोवर मालकाने आपला वाटा दिला पाहिजे, ही दुसरी. कारण पुरुषाऐवजी बाईला कामावर ठेवण्यात मालकाचा फायदा असतो, म्हणून तर तो तिला ठेवतो. फायदा घ्यायचा आणि तिच्या बाळंतपणाचे दिवस आले की हात झटकायचे, हे चालणार नाही. आईच्या थोरवीचे गोडवे न गाता केलेली ही मांडणी होती. ममतेच्या भाषेत मागितलं की देणाऱ्याला उपकाराचा आव आणता येतो. हिशेबाच्या भाषेत मागितलं की त्याला उत्तर द्यावं लागतं.

मुंबईचा प्रसूती लाभ कायदा १९२९ मध्ये झाला. भारतातला हा अशा प्रकारचा पहिला कायदा. भत्ता ठरला रोजचा आठ आणे. रक्कम लहान होती, आणि ती मिळायला आधी ठरावीक महिने सलग नोकरी झालेली असावी लागे. नाईकिणीच्या मर्जीवर आत-बाहेर होणाऱ्या बाईला ही अट जड होती.

कायद्यात आणखी एक गोम राहिली. पैसे द्यायचे ते त्या-त्या मालकाने. बाई कामावर ठेवली तरच हा खर्च. न ठेवली तर तोही नाही. रात्रपाळीत बायकांना मनाई होतीच. त्यात नवी यंत्रं आली, दोन-तीन पाळ्या सुरू झाल्या, खाती कमी झाली. पुढच्या दशकांत गिरण्यांतला बायकांचा वाटा घसरत गेला आणि १९८२ च्या संपापर्यंत तो नगण्य उरला. या घसरणीचं एकच कारण सांगता येत नाही. पण आईसाठी केलेली तरतूद बाईला कामावरून दूर ठेवायचं निमित्तही ठरू शकते, हा धडा गिरणगावाने शिकवला. आंबेडकरांनी भार सरकारकडे का ढकलला होता, तेही त्यावरून ध्यानात येतं.

लिहिणाऱ्या बायका

हे सगळं आज आपल्याला सांगता येतं त्यामागे मोठी खटपट आहे. गिरणीचं दप्तर बाईची नोंद ठेवी ती खात्याच्या आकड्यात. युनियनचे अहवाल पुढाऱ्यांच्या नावांनी भरलेले. राधा कुमार या इतिहासकार स्त्रीने दोन महायुद्धांच्या मधल्या काळातल्या गिरणी कामगार बायकांवर १९८० च्या दशकात संशोधन केलं, आणि १९९३ मध्ये 'द हिस्टरी ऑफ डुइंग' या पुस्तकात भारतातल्या स्त्री चळवळींचा दीडशेहून अधिक वर्षांचा पट मांडला. मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी गिरणगावातल्या शंभर जणांचं बोलणं टिपून ठेवलं. ते २००४ मध्ये इंग्रजीत पुस्तकरूपाने आलं आणि पुढे मराठीत 'कथा मुंबईच्या गिरणगावाची' म्हणून वाचकांच्या हाती पडलं.

त्याआधी बायकांनी स्वतःच लिहिलं होतं. उषाताई डांगे बालविधवा. परिचारिकेचं शिक्षण घेतलं, श्रीपाद अमृत डांगे यांच्याशी लग्न केलं, गिरणगावातल्या बायकांना संपात उतरवलं. त्यांच्या १९७० च्या आत्मकथनाचं नावच 'पण ऐकतं कोण?'. पार्वतीबाई भोर यांची 'एका रणरागिणीची हकीकत' पद्माकर चितळे यांनी शब्दबद्ध केली, ती १९७७ मध्ये आली. चळवळ, घर आणि पोरंबाळं या तिन्ही गोष्टी या लिखाणात एकाच दिवसात घडतात. पुरुष कार्यकर्त्यांच्या आठवणींत घर बहुधा प्रस्तावनेत येतं आणि मग गायब होतं.

याच रांगेत सगळ्यात वजनदार पुस्तक 'आम्हीही इतिहास घडवला'. ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी ते १९८९ मध्ये प्रसिद्ध केलं. आंबेडकरी चळवळीतल्या बायकांना घरोघरी जाऊन भेटणं, थकलेल्या आजीबाईंना बोलतं करणं, जुनी वर्तमानपत्रं चाळणं, असं ते काम. दोघींपैकी कुणीही विद्यापीठात इतिहास शिकवत नव्हती. त्यांच्या कामामुळे २० जुलै १९४२ ची नागपूरची परिषद स्त्री चळवळीच्या इतिहासात आपल्या जागी बसली. सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्ष आणि समोर हजारो दलित बायका. ठरावांत एकीकडे बहुपत्नीत्वाला विरोध, दुसरीकडे गिरणी, विडी, नगरपालिका, रेल्वे इथल्या बायकांसाठी हक्काची रजा, अपघाताची भरपाई, पेन्शन. अध्यक्षीय भाषणात संततिनियमनाचा पुरस्कार. चार वर्षांपूर्वी, १० नोव्हेंबर १९३८ ला, स्वतंत्र मजूर पक्षातर्फे पी. जे. रोहम यांनी संततिनियमनाचा प्रस्ताव मुंबई विधानसभेत मांडला होता आणि तो पडला होता. मूल कधी व्हावं हे ठरवणं आणि ते झाल्यावर मजुरी न बुडणं, या दोन मागण्या या बायकांनी एकाच व्यासपीठावरून केल्या.

अमेरिकेत अ‍ॅनेलिस ओर्लेक या इतिहासकार स्त्रीने असंच काम केलं आहे. १९९५ च्या 'कॉमन सेन्स अँड अ लिटल फायर' या पुस्तकात क्लारा लेमलिश भेटते. १९०९ मध्ये न्यूयॉर्कच्या शिवणकारखान्यांत वीस हजारांवर कामगारांचा संप झाला. त्याची ठिणगी टाकणारी ही पोर. पुढे तिचं लग्न झालं, मुलं झाली. प्रचलित इतिहास इथे तिला निरोप देतो. ओर्लेक देत नाहीत. त्या दाखवतात की क्लाराने मग शेजारणींना जमवलं, भाडेवाढीविरुद्ध झुंज दिली, १९३५ मध्ये मांसाच्या महागाईविरुद्ध खरेदीवर बहिष्कार घातला. कारखाना सुटला तरी चळवळ सुटली नाही, फक्त स्वयंपाकघराकडून सुरू झाली. आपल्याकडे १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर आणि त्यांच्या सहकारिणींनी महागाईविरुद्ध लाटणं घेऊन मोर्चे काढले, त्याची जातकुळी हीच.

ओर्लेक यांचं २००५ चं 'स्टॉर्मिंग सीझर्स पॅलेस' हे पुस्तक तर क्रांती चौकात बसणाऱ्या बायकांना ओळखीचं वाटेल. लास व्हेगासमधल्या गरीब काळ्या आया, त्यांतल्या कित्येक जणी हॉटेलांच्या खोल्या झाडणाऱ्या. सरकारने त्यांचं अनुदान कापलं. १९७१ मध्ये रूबी डंकन यांच्या पुढाकाराने त्या जुगाराच्या झगमगत्या रस्त्यावर उतरल्या, सीझर्स पॅलेसमध्ये शिरल्या. पुढे त्यांनी स्वतःचा दवाखाना आणि वाचनालय उभं केलं. मुलं वाढवणं हे काम आहे, म्हणून आम्ही मदत मागत नाही, येणं मागतो, हा त्या लढ्याचा गाभा.

कोयत्याचा हिशेब

मराठवाड्यात यायचं तर गिरणी सोडून फडात जावं लागतं. दिवाळीच्या सुमाराला बीड, जालना, परभणीकडचे ऊसतोड कामगार पश्चिम महाराष्ट्राकडे, कर्नाटकाकडे निघतात ते मार्च-एप्रिलपर्यंत. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, ती अंगाने फेडायची. नवरा-बायको मिळून एक कोयता. मजुरी टनावर, हिशेब बहुधा नवऱ्याच्या नावाने. म्हणजे निम्मं काम करणाऱ्या बाईची मजुरी किती, हे कागदावर कुठेच वेगळं निघत नाही.

तिचा दिवस पहाटे तीन-चारला कोपीत चूल पेटवून सुरू होतो. भाकरी थापून, तान्हं बरोबर घेऊन फडात जायचं. नवरा तोडतो, ती पाचट काढते, वाढे वेगळे करते, मोळी बांधते आणि डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रकमध्ये चढवते. लेकरू बांधाला, झाडाला बांधलेल्या झोळीत किंवा पाचटावर. एक दिवस काम बुडालं की खाडा. त्याचा दंड पाचशे रुपये किंवा त्याहून जास्त, आणि तो उचलीत चढतो. पाळीच्या दिवसांत अंग धरलं, पोटात दुखलं, गर्भ राहिला, तरी खाडा तो खाडाच.

२०१९ मध्ये बीडच्या बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची बातमी देशभर पोचली. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीपुढे आलेल्या पाहणीत ८२,३०९ ऊसतोड बायकांपैकी १३,८६१ जणींचं गर्भाशय काढलेलं आढळलं. शेकडा सुमारे १७. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत (२०१५-१६) देशाचं प्रमाण शेकडा तीनच्या आसपास आहे. दोन पाहण्यांतल्या बायकांचे वयोगट सारखे नसल्याने तुलना जपून करावी लागते, तरी अंतर डोळ्यांत भरतं. यामागे खासगी दवाखान्यांची कमाई आहे, कर्करोगाची भीती घालणं आहे, लहान वयातली लग्नं आणि बाळंतपणं आहेत, पाणी-संडासाची सोय नसल्याने होणारे आजार आहेत. आणि या सगळ्याच्या पोटात दंडाची ती पद्धत आहे. १९२८ मध्ये विचारलेल्या प्रश्नाला फडाने दिलेलं उत्तर असं: खाडा बाईच्याच नावावर, आणि तो तिने शरीरातून भरायचा.

दुष्काळात महाराष्ट्राने वेगळं उत्तर देऊन पाहिलं होतं. १९७२-७३ च्या दुष्काळातून रोजगार हमी योजनेला बळ मिळालं, १९७७ मध्ये तिचा कायदा झाला. खडी फोडायला, नालाबांधावर बायका हजारोंनी आल्या आणि कामावर सावली, पाणी, मुलं सांभाळायची सोय सरकारने द्यायची, असं ठरलं. देशभराच्या रोजगार हमीतही नियम आला की कामावर सहा वर्षांखालची पाच किंवा त्याहून जास्त मुलं असतील तर एका बाईला त्यांच्यावर नेमायचं आणि तिलाही मजुरी द्यायची. नियम पाळला जातो किती, हे वेगळं. पण मूल सांभाळणं हेही मजुरीचं काम, ही कबुली त्यात आहे.

सेविकेचं काम

अंगणवाडीची योजना २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशातल्या ३३ प्रकल्पांत सुरू झाली. सेविका ही समाजसेवा करणारी, म्हणून तिला पगार नको, मानधन पुरे, असा योजनेचा पाया. केंद्राने ठरवलेलं मानधन २०१८ मध्ये सेविकेला तीन हजारांवरून साडेचार हजार आणि मदतनीसाला दीड हजारावरून सव्वादोन हजार झालं. राज्य त्यात आपली भर घालतं. डिसेंबर २०२३ पासून महाराष्ट्रातल्या सेविका-मदतनीसांनी दीर्घ संप केला. मागण्यांत मानधनवाढीबरोबर ग्रॅच्युइटीही होती. एप्रिल २०२२ मध्ये गुजरातमधल्या सेविकांच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने त्यांना ग्रॅच्युइटीचा हक्क आहे, असा निकाल दिला होता. अन्न सुरक्षा आणि शिक्षण हक्क या कायद्यांनी सांगितलेलं काम ज्या करतात त्यांना अर्धवेळ स्वयंसेवक म्हणता येत नाही, हा त्याचा आधार. सेविकांनी स्वतःसाठी १८० दिवसांची बाळंतपणाची मानधनी रजाही मिळवली आहे. फडातली बाई त्यापासून फार दूर आहे.

२०१७ च्या दुरुस्तीने संघटित क्षेत्रातल्या नोकरदार बाईची रजा बारावरून २६ आठवडे केली, पन्नास किंवा त्याहून अधिक माणसं असलेल्या ठिकाणी पाळणाघर सक्तीचं केलं. मात्र पैसे देणार पुन्हा मालक, जिथे राज्य विमा लागू नाही तिथे. २०१३ च्या अन्न सुरक्षा कायद्याने प्रत्येक गरोदर बाईला किमान सहा हजार रुपये कबूल केले. प्रत्यक्ष योजना २०१७ मध्ये आली ती पहिल्या बाळंतपणापुरती, पाच हजारांची. आंबेडकरांच्या त्या भाषणाला नव्वदहून अधिक वर्षं उलटूनही सरकार आपला भार टप्प्याटप्प्याने आणि हात राखूनच उचलतं आहे.

इतिहासकारांसाठी यात एक मोठा बदल मात्र घडला आहे. गिरणीतल्या बाईच्या बाळाची नोंद शोधायला राधा कुमार यांना सरकारी अहवालांच्या ओळींमधून वाचावं लागलं. पवार आणि मून यांना म्हाताऱ्या बायकांच्या आठवणींवर विसंबावं लागलं. आज गावातली प्रत्येक गरोदर बाई, प्रत्येक बाळाचं वजन, प्रत्येक लसीची तारीख लिहिली जाते. ते लिहिते सेविका आणि आशा, आधी रजिस्टरमध्ये, आता मोबाइलवरच्या पोषण ट्रॅकरमध्ये. उद्या कुणी मराठवाड्यातल्या आईपणाचा इतिहास लिहायला बसेल तेव्हा त्याचं बहुतेक दप्तर या बायकांच्या हातचं असेल. ज्या सरकारला त्यांनी भरलेला प्रत्येक आकडा कामाचा वाटतो, त्याला तो भरणारीला कामगार म्हणायला अडचण वाटावी, यातच शंभर वर्षांचा हा हिशेब अजून मिटलेला नाही, हे कळतं.